घाटात नावानं हाक मारावी

शुक्रवार, १२ डिसेंबर १९८६
मुक्काम बोराडी

आईच्या कृपेने निघालो एकदाचे. कालचा मार्गशीर्षातला गुरुवार घरी झाला, आज पहाटे तुळशीला पाणी घालून पायरी उतरले, तोवर ह्यांनी राजदूत चालू करून अर्धी गल्ली जागी केली होती. पारोळ्यात आता आठ दिवस हाच विषय, की कुंदाबाई मोटारसायकलवरून देवदर्शनाला गेली.

मार्केट कमिटीतली एक जुनी वही घरी होती. मागची पानं कोरी, वाया का घालवायची म्हणून प्रवासाची हकीकत त्यात लिहिते आहे. वरच्या चिठ्ठीवर ह्यांचं नाव ह्यांच्याच अक्षरात आहे, ते तसंच राहू दिलं.

धुळ्याच्या पुढे सोनगीरला यशोदाबाई आणि त्यांचे यजमान भिकनभाऊ त्यांच्या येझदीवर येऊन मिळाले. पुढे सावळद्याच्या पुलावर तापीमायला हात जोडले, शिरपूर मागे टाकलं आणि ऊन कलताना बोराडीला पोचलो. इथला अभिमन हा आमचा वाटाड्या. पूर्वी जंगल खात्यात जीप चालवायचा. आता जिथे जीपही जात नाही अशा डोंगरातल्या पाड्यांवर भाविकांना मोटारसायकलींनी नेतो. पाच दिवस, पाच देव्या. पुढे त्याची गाडी, मागे आपल्या.

ही वाट यशोदाबाईंनीच सांगितली. मागच्या वर्षी त्या जाऊन आल्या आणि भिकनभाऊ पालटले. आधी ताट भिरकावणारा माणूस, आता आवाज चढत नाही. मी तेव्हाच नवस बोलले, की आई, ह्यांचाही स्वभाव तेवढा निवळू दे, पाचही ओट्या भरीन. ह्यांना नवस सांगितलेला नाही. माणूस वाईट नाही. दिवसभर तोलाईवर ओरडतात आणि उरलेलं ओरडणं घरी आणतात, इतकंच. पण एकवीस वर्षं झाली, आणि मी दमले आहे.

आज वाटेतसुद्धा तेच. खड्डा गेला की ह्यांचा डावा हात मागे येतो, माझा गुडघा चाचपतो, आणि वर खेकसतात, "बठनी का नीट?" जसं काही मी मुद्दाम पडणार आहे.

दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी घरूनच आणली होती. यशोदाबाईंनी कळण्याच्या भाकरी काढल्या. पोटभर झालं.

शनिवार, १३ डिसेंबर
दुसऱ्या देवीचा पाडा

दोन देव्या झाल्या. पहिली उंबराखाली, शेंदराची शिळा. दुसरीला कौलाचं छप्पर आहे. दोन्ही ओट्या नीट भरल्या. पाड्यावरची माणसं चांगली, न विचारता पाणी आणून देतात.

कंबर मात्र राहिली नाही. रस्ता म्हणजे नदीचं पात्रच. धूळ इतकी, की पुढे ह्यांची पाठ सोडून काही दिसत नाही. मागे बसणाऱ्या बाईचा प्रवास म्हणजे नवऱ्याची पाठ. मानेवरचा चट्टा, ह्या दिवाळीत मी उलटवून शिवलेली कॉलर, तिला डाव्या टोकाला निळ्या दोऱ्याचं रफू, कारण पांढरा संपला होता, आणि गुडघ्याला चोळतात त्या मलमाचा वास. दिवसभर हेच देवदर्शन.

चहाला थांबलो तेव्हा अभिमनने उद्याचं सांगितलं. उद्या धुईचा घाट. चढ असा आहे, की गाडी दोघांना ओढत नाही. बायकांनी उतरून पायी यायचं, पुरुषांनी वरच्या वळणावर थांबायचं. सकाळी धुई दाट असते, हात पुढे केला तर दिसत नाही. मग तो उठून उभा राहिला आणि म्हणाला, "धुईमा नाव लिसन हाक मारा. 'अहो' म्हनू नका. 'अहो' म्हनं का कोनी बी 'ओ' देस."

हे खो खो हसले. "मनी बायको मना नाव लई? मंग तर धुईच पळी जाई."

सगळे हसले, मीही हसले. यशोदाबाई तेवढ्या कपबशी विसळायला उठल्या.

खरंच मी नाव घेतलेलं नाही. सासूबाई सांगायच्या, बायकोनं नाव घेतलं की नवऱ्याचं आयुष्य कमी होतं. लग्नात मैत्रिणींनी दार अडवलं तेव्हा उखाण्यात घेतलं, तेवढंच. हळदीकुंकवाला उखाण्याची वेळ आली की मी भांडी घासायला उठते. वहीतसुद्धा "हे" म्हणूनच लिहिते.

शिंका येताहेत. ह्यांनी गळ्यातला मफलर काढून अंगावर फेकला. "घे, नहीतर रातभर शिंकत बठशी." स्वतः तसेच बसलेत कुडकुडत.

रविवार, १४ डिसेंबर
तिसऱ्या देवीचा पाडा, दुपार

घाट चढून आलो. दमले आहे, पण आजचं लिहिलंच पाहिजे.

अभिमन म्हणाला तशीच धुई. पायथ्याला आम्ही दोघी उतरलो, गाड्या वर गेल्या. यशोदाबाई पुढे होत्या. मी चपलेतला खडा काढायला वाकले, आणि उठले तर कोणी नाही. वरचे गाड्यांचे आवाजही बंद. वाट कुठल्या अंगाला आणि दरी कुठल्या, काही कळेना.

अभिमनचं बोलणं आठवलं. तोंड उघडलं. पण एकवीस वर्षांची जीभ, ती कशी वळणार? "अहो" म्हणून हाक मारली.

"ओ."

लगेच आली. उजव्या अंगाने, मला जिकडे दरी वाटत होती तिकडून. मग राजदूत अगदी जवळ येऊन उभी राहिली. बरं झालं, वाट तिकडेच होती म्हणायची. मी बसले. हे म्हणाले, "दमलीस का?"

मला आधी कळेचना काय विचारलं ते. असं कधी विचारलेलं नाही. नाही म्हटलं. "मग सावकाश जाऊ," म्हणाले.

गाडी दोघांना घेऊन चढली. आणि चालवणं असं, की रस्ता तोच, पण एक धक्का बसला नाही. वर अभिमन थांबला होता. त्याने आमच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि किक मारली.

तिसऱ्या देवीची ओटी भरली. आई, इतक्या लवकर ऐकशील असं वाटलं नव्हतं.

सोमवार, १५ डिसेंबर
चौथ्या देवीचा पाडा, सकाळ

काल दिवेलागणीला ह्यांनी माझे पाय दाबून दिले. मी नको नको म्हणत होते. खोटं कशाला लिहू, बरं वाटलं. कित्येक वर्षांनी गाढ झोपले.

सकाळी निघालो. मागे बसले, समोर पाठ. कॉलर पाहिली.

रफू उजवीकडे आहे.

मीच केलेलं. डाव्या टोकाला. निळा दोरा तोच, टाके तेच, पण उजवीकडे. मानेवरचा चट्टासुद्धा.

मलमाचा वास नाही. कसलाच वास नाही.

न्याहारीला ठेचा खाल्ला, उचकी लागली नाही. ह्यांना लागतेच. इथे पोचल्यावर राजदूतच्या इंजिनाजवळ हात नेला. गार. दोन तास चालून आलेली गाडी.

आणि दोन दिवसांत एकदाही हात मागे आलेला नाही. खड्डे आले, ओढे आले. गुडघा चाचपला नाही. बठनी का म्हणून विचारलं नाही. मी पडले असते तर ह्यांना—त्याला—कळलंही नसतं.

त्याच दिवशी, दुपार

यशोदाबाईंना ओढ्यावर गाठलं. धुणं करत होत्या. मी कॉलरचं सांगितलं. वाटलं, हसतील, वेड लागलं म्हणतील. त्यांनी धुणं थांबवलं नाही.

"मालेबी कपाळवरना तीळवरतीन समजनं व्हतं," म्हणाल्या. "दोन महिनामा सवय हुई जास, बहीन. तरास देस का तुले? नही ना? मंग ऱ्हाऊ दे."

मी वर पाहिलं. भिकनभाऊ दगडावर बसून आमच्याकडे बघून हसत होते. केव्हापासून बसले होते कोण जाणे.

मागच्या वर्षी यशोदाबाईंनीही धुईत "अहो" म्हटलं होतं. आणि तरी मला इथे आणलं. का, म्हणून विचारलं. म्हणाल्या, तूच तर म्हणत होतीस ना, दमले म्हणून.

मग अभिमनकडे गेले. तो गाडीची साखळी पुसत होता, मान वर न करता बोलला. सांगून सांगून दमला म्हणाला, दर खेपेला एखादी तरी "अहो" म्हणतेच, मग तो मधे पडत नाही. उपाय विचारला. उद्या परतताना तापीच्या पुलाअलीकडे थांबायचं. डोंगराकडे तोंड करून बायकोनं आपल्या तोंडानं तीनदा नाव घ्यायचं. दुसऱ्यानं घेऊन चालत नाही, सांगूनही चालत नाही. ते नाव ज्याचं असेल तो घाट उतरून येतो. तापी ओलांडली की मग काही होत नाही.

एवढंच ना, म्हटलं. आयुष्य कमी होवो की काही होवो, नाव घेईन.

बाजूला जाऊन तोंड उघडलं.

येत नाही.

एकवीस वर्षं कुलूप घालून ठेवलेली पेटी. उघडली तर आत काही नाही. ज्याचं आडनाव लावते त्याचं नाव मला आठवत नाही. वहीवरची चिठ्ठी पाहिली. काल धुईत भिजली. "श्री." तेवढं राहिलंय, पुढे शाई पसरलेली.

त्याच दिवशी, ऊन उतरल्यावर

पाणी आणायला वळणापर्यंत गेले होते. खालून, घाटाच्या अंगानं हाक आली. "अगंऽ!" खेकसून. चिडलेली. घसा बसलेला.

मफलर माझ्या गळ्यात आहे. तिकडे ते उघड्या गळ्यानं कालपासून—

मी ओ देणार तेवढ्यात हा मागून आला, हंडा माझ्या हातातून घेतला. म्हणाला, जड आहे, तू दमलीस.

खालून पुन्हा हाक आली नाही.

मंगळवार, १६ डिसेंबर. दत्तजयंती
पाचव्या देवीपाशी

ओटी भरली नाही. नारळ हातातच राहिला. आई, नवस परत घे. ओरडू दे त्यांना. ताट फेकू दे. मी उचलीन.

वाटेत खड्डा आला. डावा हात मागे आला. गुडघ्यावर.

"बठनी का नीट?"

शब्द तेच. आवाज गोड. हात गार.

हाताचं मी कोणाला सांगितलं नव्हतं. यशोदाबाईंना नाही, अभिमनला नाही. फक्त इथे लिहिलं. वही पिशवीत असते. पिशवी त्याच्या गाडीला टांगलेली.

म्हणजे तो वाचतो.

शिरपूरच्या पुढे

आठवलं तर इथे लिहायचं नाही. लिहिलं की ते त्याचं झालं. तोंडानंच घ्यायचं. लिहायचं नाही, लिहायचं नाही.

क ने सुरू होत नाही. देवाचं नाव नक्की. सासूबाई अंगणातून हाक मारायच्या, ती चाल आठवते, शब्द नाही—

सावळदे, पुलाअलीकडे

अभिमनने गाडी थांबवली. टायर बघायचं निमित्त. माझ्याकडे पाहत नाही. यशोदाबाई पूल ओलांडून गेल्यासुद्धा, वळून पाहिलं नाही.

मी लिंबाखाली. हा चहा सांगायला गेलाय. दोन कप. माझ्यात साखर कमी, तेही त्याला माहीत.

खरं सांगू का आई, पाय उचलत नाहीत. उठायचं, डोंगराकडे तोंड करायचं, एवढंच. आणि नाही उठले तर गाडीवर बसायचं, घरी जायचं, कोणी ओरडणार नाही. कोणी कधी ओरडणार नाही.

तिकडे ते थंडीत उभे असतील. चिडून. वाट बघत. खड्ड्यात हात मागे नेत असतील, आणि मागे कोणी नसेल.

उठते.

उखाणा म्हणत गेलं तर नाव आपोआप येईल. पहिली ओळ आठवली. लग्नातलीच. पहिली लिहिते, नाव दुसरीत आहे, ते लिहिणार नाही, ते तोंडानं—

तापीमायच्या पाण्यावर सातपुड्याची सावली,

आलं. आलं, जिभेवर आलं. वही ठेव—

मागून गोड "ओ" आली. मी अजून हाक मारलीच नाही