हिरव्या काचांची ओढणी

१२ फेब्रुवारी
आली बापा एकदाची सासरी! केनवडजवळचा तांडा, माहेरच्या मालेगावपेक्षा लय मोकळी हवा. सासूबाई गोमतीबाईनं आल्याबरोबर सोताची ओढणी माह्या डोक्यावर टाकली. आमच्या बंजारा ओढण्याइले आरसे रायते, हिले मात्र जाड हिरव्या काचा. मी आरशासमोरून हलतच नव्हती. माहा नवरा बादल म्हणे, पुरे आता, नजर लागन. गोड हाय, पण आळशी.

४ मे
मले दिवस गेले! सगळं घर खुशीत हाय. शहरातून अधूनमधून दवाखान्याची गाडी येते, फुकट तपासते. डॉक्टरसाहेबानं रक्त घेतलं, सगळं चांगलं हाय म्हणे. मंग हातमोजे घालून ओढणी उचलली, जवळ एक डब्बा नेला, तो टिकटिक वाजला. ओढणी पुन्हा माह्याच खांद्यावर ठेवली, म्हणे घालत जा, परंपरा सोडू नका. किती भला माणूस!

२ जून
शेजारच्या रुपाबाईचं लेकरू जन्मलं तसंच गेलं. रडलंही नाही. तिच्या ओढणीलेही त्याच काचा. सासूबाईले विचारलं. बादल काचा यायच्या आधीचा म्हणे. नंतरचं तिचं एकही लेकरू जगलं नाही. देवाची मर्जी म्हणते. कायची मर्जी?

९ जून
सासरे सेवालाल आज बोलले. तरणे होते तवा मुकादमानं त्याइले वाळवंटात कामाले नेलं होतं.
“विहीर खोदाची हाय म्हणे. खोदली, तं आमाले दूर हाकललं. जमीन हालली. मंग बुजवाले आमालेच धाडलं. तठी ह्या काचा भेटल्या. तठच्या साहेबानं पाह्यलं. हसला, घेऊन जा म्हणे. पोतं भरून आणल्या, साऱ्या तांड्यात वाटल्या.”
विहीर नव्हतीच. खाली अणुबॉम्ब फोडला होता, शाळेत शिकली होती मी; त्याच्याच आगीनं वाळू वितळून ह्या काचा झाल्या. आन् या भोळ्या माणसानं तो बायकोच्या डोक्यावर चढवला. कोणाचा राग करू?

१७ ऑगस्ट
ओढणी पुरून टाकली. सासूबाई बोलत नाही.
गाडी आली. डब्बा पोटाजवळ नेला — टिकटिक. साहेबानं लिहून घेतलं. औषीद मागतलं, नाही देलं. आजवर कोणालेच नाही देलं. त्याले पयल्या दिवसापासून मालूम होतं — आन् मले म्हणे, घालत जा!

२६ सप्टेंबर
पुन्हा गाडी. सातवाच महिना, तरी मले आताच शहरात नेतो म्हणतेत — बाळंतपण तेच करतीन, लेकरू तपासाले ठेवतीन. किती दिवस, सांगत नाही.
बादलनं माही पिशवी भरली. मले न इचारता. मी आतून कडी लावली.
सासूबाई दार ठोकून राह्यली. बादल भाईरून म्हणते, येडी होऊ नको, एवढे मोठे साहेब, ते खोटं काहून बोलतीन —
अरे, तुह्या बापालेही अशाच साहेबानं विहीर म्हणून —