पॅटिसवरचा अंगठा

जुनी इंदूर. गुरुवार, दिवेलागण.

आज भुट्ट्याचा कीस भरून ओव्हनमध्ये पॅटिस केले. मिल बंद झाल्यापासून आमचे हे घरीच, म्हणून म्हटलं, मैद्याच्या पारीच्या घड्या तुम्ही घाला. कापडाच्या घड्या घालण्यात जन्म गेलेला. कोपऱ्याला कोपरा काय जुळवला! पण प्रत्येक पॅटिसच्या कोपऱ्यावर अंगठा दाबत होते. मी चिडलेच. कशाला चिडले?

"अगं, पास झालेल्या ताग्यावर शिक्का मारायचो ना, हात आपोआप जातो."

वरून दूध फिरवलं, तरी भाजल्यावर पॅटिस फुगले आणि अंगठ्याची जागा तेवढी दबलेलीच राहिली. शेजारच्या भाभीजींनी विचारलं, "ये निशान कैसा?"

मी काही बोलायच्या आत हे म्हणाले, "माल पास है, भाभीजी." हसले, आणि उठून आत गेले, ते अजून बाहेर आलेले नाहीत.