चॉकलेटं कोणाच्या हातची

५ नोव्हेंबर १९८१
पेंटर आज नवा बोर्ड लावून गेला. ‘दिलीप बेकरी. पेस्ट्री व चॉकलेटचे माहेरघर.’ जुन्या बोर्डावर नुसतं ‘बेकरी’ होतं, तेच बरं होतं.
दिलीप रस्त्याच्या पलीकडे उभा राहून पाहत होता. “ताई, कसा दिसते?”
म्हटलं, अक्षर चांगलं आहे. आत येऊन परात आपटली.
जन्मात एका पेस्ट्रीवर क्रीम लावलं नाही यानं.

६ नोव्हेंबर
राग उतरला नाही. बाबा दुकान चालवायचे तेव्हा इथं पाव, टोस्ट, खारी, नानखटाई, बस. मी सासर सोडून नागपूरहून भंडाऱ्याला आले त्याला नऊ वर्षं झाली. तिथून एकच कामाची गोष्ट आणली, शेजारच्या मेरीबाईंनी शिकवलेलं केक-चॉकलेट. सगळं चाळीस पानी वहीत लिहिलेलं. पहिल्या वर्षी लोक काचेतून पेस्ट्री पाहून साबण समजत. आता आंधळगावचे लोक पोरांच्या वाढदिवसाला एसटीनं येतात. दिलीप तेव्हा आठवीत होता. उरलेलं क्रीम बोटानं चाटायचा.

१५ नोव्हेंबर, रविवार
मोहाडीचे पाहुणे आले, दिलीपसाठी. मुलगी सुनंदा, दहावी झालेली. वडिलांचं किराणा दुकान. मला बाबांनी आधीच सांगितलं, “तू आतच राय बाई.” राहिले. पोहे केले, पेस्ट्र्या बशीत लावल्या, आणि पडद्यामागं उभी.
मुलीचे वडील दोन पेस्ट्र्या खाऊन म्हणाले, “वा! आन ते तुमची बहीन दुकानात बसते म्हन्ते लोक. नवरा जित्ता असून?”
दिलीप म्हणाला, “नाही जी. थे घरातच राहते. कदीमदी मदत करते. कारागीर येऊन राहिला ना नागपूरचा.”
कदीमदी मदत.
बाबा तिथंच बसले होते. सुपारी कातरत.

१६ नोव्हेंबर
 स्पंज जळला. माझ्या हातून नऊ वर्षांत कधी…

२३ नोव्हेंबर
कारागीर खरंच आला. पन्नाशीचा माणूस, शंकरराव. गरीब वाटला, त्याचा काय दोष. केकवर गुलाब सुंदर काढतो, माझ्यापेक्षा चांगला. चॉकलेट मात्र येत नाही. दिलीप म्हणाला, ताई त्याले दाखवून दे, मंग तू आराम कर. जसं काय मी आजारी आहे!
म्हटलं, “मी आराम मागितला होता का?”
“लोकाइचं तोंड धरता येते का, ताई? लगन जमून राहिलं. तू समजून घे ना.”
समजून घे. नागपूरला सासूही हेच म्हणायची.

२६ नोव्हेंबर
काउंटरवर आता दिलीप. मी गेले की उठत नाही, गिऱ्हाईक असलं की डोळ्यानं आत जा म्हणतो. आज मुलींच्या शाळेच्या बाई आल्या, मोठ्यानं विचारलं, “कुसुमताई कुठं आहेत?” हा म्हणाला, गावाला गेल्या. मी चार हातांवर मैदा चाळत होते. बाहेर येऊन म्हटलं, “आले बाई गावाहून, आत्ताच.” बाई हसल्या. दिलीप नाही.

२ डिसेंबर
शंकररावांनी चॉकलेट केलं. उकळत्या पाण्यावर पातेलं ठेवलं, झाकण काढताना वाफेचं पाणी आत गेलं. झालं. सगळा गोळा वाळूसारखा. मी दारात उभी होते. पाण्याचा एक थेंबही चालत नाही हे मला माहीत होतं, तो थेंब पडताना दिसलाही. बोलले नाही. शंकररावांचं तोंड पाहून वाईट वाटलं, पण बोलले नाही. लिहून ठेवते, उद्या मी फार चांगली होते असं मलाच वाटायला नको.

३ डिसेंबर
“वही दे,” दिलीप.
“कोणती वही?”
“नाटकं नको करू ताई. बेकरी घरची आहे, वही बी घरची आहे.”
“आन मी?”
गेला तरातरा.
वही तांदळाच्या कणगीत घातली.

६ डिसेंबर
बाबांशी भांडले. आयुष्यात पहिल्यांदा मोठ्या आवाजात. नऊ वर्षांपूर्वी हेच बाबा नागपूरला येऊन माझी पेटी स्वतःच्या डोक्यावर घेऊन निघाले होते. सगळी गल्ली पाहत होती. मागं वळून सासऱ्याला म्हणाले होते, “माही पोरगी काही सांडलेली नाही.” त्या माणसाकडून आता ऐकायचं, “लगन होऊ दे पोराचं, मंग पाहू.”
“मंग कवा बाबा? मी म्हातारी झाल्यावर?”
“त्या लोकाइनं मोडलं तं?”
“मोडू द्या.”
तोंडातून गेलं. तसं नाही मला वाटत. वाटतं का? माहीत नाही.

७ डिसेंबर
आजपासून बेकरीत जात नाही. अंगणात उन्हात बसले. हाताला काम नाही तर हात कुठं ठेवायचे तेच समजत नाही.

२८ डिसेंबर
तीन आठवडे चॉकलेट बंद. लोक विचारतात म्हणे. विचारू दे.
लग्न पक्कं झालं. साक्षगंध १० जानेवारीला, मोहाडीला, मुलीकडे.

३० डिसेंबर
आज कहर झाला. मोहाडीहून निरोप आला. साक्षगंधाला चॉकलेटंच पाहिजेत. त्यांच्या तुमसरच्या नातलगांनी मागं खाल्ली होती, तीच पाहिजेत, दुसरी नको!
दिलीप पायरीवर येऊन बसला. आवाज एकदम मऊ. “ताई, एवढ्या वेळेस करून दे. घरच्या घरी कर. कोनाले सांगाची गरज नाही.”
मी विचारलं, साक्षगंधाला मी येणार का?
तो पायरीवरची माती बोटानं उकरत बसला.
“दिलीप, मी येऊन राहिली का नाही?”
“तू आली तं… लोक विचारतीन ना.”
हात पाहिजे, तोंड नको. अशी बहीण कुठं विकत मिळते, ते त्यानं नागपूरच्या बाजारात पाहावं.
नाही म्हणून सांगितलं.

४ जानेवारी १९८२
शंकरराव काम सोडून निघाले. जाताना घरी आले. “बाई, मले सांगतलं असतं का हे तुमचं काम आहे, तं आलो नसतो.” चहा केला. त्या थेंबाचं त्यांना आज सांगितलं. ऐकून नुसती मान हलवली. फार लाज वाटली मला.

८ जानेवारी
चॉकलेट करायला घेतलं. कोणाच्या सांगण्यावरून नाही. घरच्या चुलीवर, दार लावून. थंडी चांगली आहे, लवकर घट्ट होतात. चंदेरी कागद गुंडाळताना बाबा आले, दारात उभे राहिले. थोड्या वेळानं खाली बसून कागदाचे चौकोन कापायला लागले. मी अडवलं नाही. 

१० जानेवारी, रविवार
सगळे सकाळीच जीपनं गेले. चॉकलेटचं दिलीपला मी सांगितलं नव्हतं, बाबांनीही नाही. मी अकराच्या एसटीनं. मांडीवर दोन डबे. मोहाडीच्या स्टँडवरून चालत गेले, मांडव दुरून दिसला.
आत गेले तेव्हा ओटी भरणं चाललं होतं. दिलीपचा चेहरा पांढरा. मुलीचे वडील पुढं आले, “आपन कोन?”
डबे काखेत सावरले.  म्हटलं, “मी कुसुम. दिलीपची मोठी बहीण. तुम्ही चॉकलेटं मागितली होती ना, ती मीच करते. नऊ वर्षांपासून. पेस्ट्री बी.”
 मग एक म्हातारी, बहुधा मुलीची आजी, हात पुढं करून म्हणाली, “मंग दे ना बाई, उभी काहून आहेस?”
मी स्वतः वाटली. ओळीनं. काहींनी घेतली, काहींनी घेतली नाहीत. मुलीच्या वडिलांनी घेतलं आणि खिशात ठेवलं. जेवायला कोणी म्हणालं नाही. बाबा उठून म्हणाले, “चाल, मी येतो तुह्यासंग.” म्हटलं, तुम्ही मुलाचे बाप आहात, बसा. एकटी परत आले.

११ जानेवारी
लग्न मोडलं नाही.
मी आत जाऊ नये म्हणून दिलीपनं भट्टीच्या खोलीला कुलूप लावलं. किल्ली कमरेला लावून फिरतो. हसू येत होतं आणि रडूही.

७ फेब्रुवारी
बस्त्यासाठी मोहाडीचे सगळे भंडाऱ्यात. साड्या घेऊन झाल्यावर चहाला घरी. मी स्वयंपाकघरातून हलले नाही. सुनंदा पाणी प्यायच्या निमित्तानं आत आली. जवळून पहिल्यांदा पाहिली. बारीक, डोळे धीट.
“ताई, मले शिकवसान का चॉकलेट?”
अंगाची आग झाली. “कोणं पाठवलं तुले? दिलीपनं?”
खोटं बोलेल वाटलं. नाही बोलली. “हो. म्हनाले, शिकून घे, मंग आपल्याले कोनाची गरज नाही.”
“शिकून झाल्यावर मी कुठं जायचं?”
“मले नाही मालूम, ताई.”
या घरात तीन महिन्यांत एवढं सरळ कोणी बोललं नव्हतं. तरी राग होताच. म्हटलं, “असं चोरून नाही. लग्न होऊन ये, आन दुकानात, दिलीपसमोर, गिऱ्हाईकासमोर विचार मले. तिथं विचारशील तर शिकवीन.”
हो म्हणाली नाही, नाहीही म्हणाली नाही. पाणी पिऊन पेला स्वतः धुतला, उपडा ठेवला. बाहेरून तिच्या आईनं हाक मारली तरी मिनिटभर तशीच उभी होती.
लग्न मे महिन्यात आहे.