थोरली राजकन्या

मंगळवार पेठ, कोल्हापूर
११ नोव्हेंबर १९७३

चि. सौ. लीला हिस,
ताईचे अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. जपानात थंडी पडली, खिडकीतून फुजी पर्वत पांढराशुभ्र दिसतो, माधवरावांना कारखान्यात बढती मिळाली, सगळं वाचून बरं वाटलं. मी ठीक आहे. आई गेल्यापासून स्वयंपाक एकाच वेळचा करते.

शाळेची सहल पन्हाळ्याला नेली होती. तिथे मुलींना तू लिहिलेली जपानी गोष्ट सांगितली. डोंगराच्या देवाने आपल्या दोन्ही राजकन्या एकाच वराकडे पाठवल्या. त्याने फुलासारखी धाकटी ठेवून घेतली आणि रूप नाही म्हणून खडकासारखी थोरली परत पाठवली.

एक मुलगी विचारते, "बाई, मग थोरली कुटं गेली वं?"

"गेली एका डोंगरावर राहायला."

"एकटीच व्हय?"

"हो."

जाताना थोरलीने शाप दिला, धाकटीची मुलं फुलासारखी लवकर गळतील असा. तेवढं मी सांगितलं नाही.

लीला, एवढ्या लांबून तू मला हीच गोष्ट का लिहिलीस? आणि तिच्या खाली एकच ओळ, की या खेपेला बाळंतपणाला माहेरी येणार नाही.

माधवराव बघायला आले होते मला, आणि मागणी घातली तुला. इतक्या वर्षांत आपण दोघी यावर कधी बोललो नाही. मला वाईट वाटलं होतं. तुझ्या लग्नात अक्षता टाकून मी तडक पंगतीत वाढायला गेले. पण तुझं वाईट व्हावं असं कधी मनात आलं नाही गं.

तुझा तान्हा नृसिंह गेला तो माझ्या मांडीवर, डॉक्टर यायच्या आत. दारात जमलेल्या बायका माझ्याकडे बघून काय कुजबुजल्या ते मी ऐकलं. तूही ऐकलंस का, हे विचारायचा धीर झाला नाही. शेजारच्या झुंबरबाई म्हणतात, "त्याची झबली द्या की कुणाला तरी." माझ्याने देववत नाहीत.

मधल्या खोलीला चुना लावून घेतलाय. डिंक, अळीव आणून ठेवलेत. भीती वाटत असेल तर माझ्या हातचं खाऊ नकोस, झुंबरबाई रांधतील. बाळाला मी घेणार नाही, तू म्हणेपर्यंत. पण ये.

गेलेल्याची आणि येणाऱ्याचीही मावशी,
विमला