कासवाच्या पाठीचं पीठ

रांझी, जबलपूर

चि. बंडूस,

बेबीताईचे अर्धे आशीर्वाद. उरलेले अर्धे तू कासव नेशील तेव्हा. आम्ही ठीक. तू नाशकात मजेत असशीलच. ज्याचं कासव दुसऱ्याच्या घरी, त्याला काय धाड भरली आहे!

बदली झाली, चार दिवस ठेव ताई, म्हणालास आणि टब माझ्या न्हाणीत सोडून पसार झालास. बाबा गेल्यापासून आई भिंतीकडे तोंड करून पडून असते, म्हणून मी तिला वर्ध्याहून इथे आणलं. माझ्याशी बोलेना, जावयाशी बोलेना. तुझ्या कासवाशी मात्र माहेरच्या गोष्टी सुरू! चलो, म्हटलं, कोणाशी तरी बोलून राहिली. तेवढ्यात महाशयांच्या पाठीवर पांढरे डाग आले.

मला वाटलं, कात टाकत असेल. (पातळ पापुद्रे निघतात, घाबरू नको, हे तुझंच ज्ञान.) पण हे डाग निघेनात, दाबले तर मऊ, आणि वास असा की न्हाणीत जाववेना. 'हेही जाईल का गं?' आई म्हणाली. मी जनावरांच्या डॉक्टरला फोटो पाठवला. त्यांचा फोन आला तेव्हा मी नेमकी बाजारात, म्हणून तो आईनं उचलला. डॉक्टर म्हणाले, 'माताजी, पीठ में फफूंद है. पीठ साफ करके धूप में सुखाइए.'

झालं! फफूंद म्हणजे बुरशी एवढं कळलं, पण हिंदीत पाठीला पीठ म्हणतात, हे वर्ध्याच्या बाईला कोण सांगणार? मी परत येते तर डबाभर कणीक गाईपुढे, बेसन आणि ज्वारीचं पीठ गच्चीवर चादरींवर पसरलेलं, आणि आई काठी घेऊन चिमण्या हाकलून राहिली. वर मलाच म्हणते, डॉक्टर कासवाचं सोडून आपल्या डब्यांत काहून नाक खुपसून राहिला? कासव तसंच त्या घाण पाण्यात. दुसऱ्या दिवशी मी दवाखान्यात नेलं, तर डॉक्टर माझ्यावरच उखडले. काय सांगू त्यांना, की आमच्याकडे बेसन वाळत होतं?

आता रोज मऊ ब्रशनं, आयोडीन पाण्यात पातळ करून पाठ घासायची, कोरडी करायची, मलम लावायचं, दिवसभर कोरड्यात ठेवायचं, पाण्यात सोडायचं ते खाण्यापुरतंच. हे सगळं आईनं हातात घेतलंय. पहाटेच आंघोळ करून तयार. माझा नवा टूथब्रश गेला, टॉवेल पिवळे झाले, आणि हात न धुता टबाजवळ गेले म्हणून तुझ्या भाऊजींना परवा असं झापलं की ते जेवायलाही बाहेर येईनात. माझ्या घरात मीच पाहुणी झाली आहे. रविवारी ये आणि ने बापा एकदाचं!

तुझी वैतागलेली,
ताई

ता. क. टॉवेलवरचे आयोडीनचे डाग कशानं जातात, तुझ्या बायकोला विचार.

ता. क. (आईला हे वाचून दाखवलेलं नाही.) कासव केव्हाच बरं झालं, डॉक्टरांनी औषध बंदही केलं. आईला मी सांगितलं नाही. ती त्याच्यासाठीच उठते रे. आयोडीनच्या बाटलीत मी फिका, बिनसाखरेचा चहा भरून ठेवते. तेव्हा रविवारी येऊ नको. आणि आलासच, तर कासवाकडे बघून जरा तोंड पाड.