सीलबंद खोलीतलं मनुबाईचं पोतं

मी, आकाराम सिदू काळेल, वय एकाहत्तर, धंदा रास्त भाव धान्य दुकान (परवाना निलंबित), राहणार खडकमाळ, तालुका माण, जिल्हा सातारा, हे मृत्युपत्र माझ्या हातानं लिहून ठेवतो. दोन्ही किडन्यांनी काम टाकलं आहे, डोक्यानं अजून टाकलेलं नाही. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. कुणी दमदाटी केलेली नाही. मला दमदाटी करणारं माणूस या घरात एकच, माझी बायको रंगुबाई, आणि ती आत्ता शेळ्यांमागं गेली आहे.

१. राहतं घर रंगुबाईच्या हयातीपर्यंत तिचं. तिच्यामागं मुलगा मल्हार आणि मुलगी राणी यांना निम्मं-निम्मं. मल्हारनं आईला मुंबईला न्यायचा हट्ट धरू नये. मागं गेली तेव्हा चार दिवसांत परत आली आणि महिनाभर त्याच्या खोलीला नावं ठेवत होती.

२. माळाचं रान राणीला. त्यात खडकच जास्त, हे तिला ठाऊक आहे. परवान्याच्या खटल्याचे सगळे कागद तिनं सांभाळले, तारखांना माझ्याबरोबर तीच आली, तेव्हा मल्हारनं हरकत घेऊ नये. जुना लोखंडी तराजू आणि मापंही तिचीच.

३. माझ्याविरुद्ध तक्रार केली ती गावातल्या नाथाजीनं. त्याला मयताला येऊ द्यावं, चहा द्यावा, खांदा मात्र देऊ देऊ नये. दुकानात काळ्या बाजाराचा साठा आहे असं त्यानं लिहून दिलं. त्याचा बाप माझ्याच दुकानात पोतं ठेवून मेंढरांमागं जायचा, एवढं लिहायला तो सोयीस्कर विसरला.

४. आमच्याकडची माणसं दिवाळी झाली की मेंढरं घेऊन कराडच्या बाजूला जातात, मृगाला परततात. घरी राहतात म्हातारी. दुकानातल्या धान्यवाटपाच्या मशीनवर अंगठा तीच देतात, पण सगळ्या घराचं धान्य झोपडीत ठेवलं तर उंदीर सोडत नाहीत. म्हणून पोतं माझ्या आतल्या खोलीत राहायचं, लागेल तसं न्यायचं. पोत्याच्या तोंडाला ज्याच्या त्याच्या मेंढरांच्या लोकरीचा दोरा, गाठ ज्याची त्याची. पावती कुणी मागितली नाही, मी दिली नाही. बापापासूनची रीत.

जानेवारी २०२२ मध्ये तपासणी झाली. मशीन म्हणतं धान्य वाटलं, आणि खोलीत अकरा पोती. पंचनाम्यात ‘बेहिशेबी साठा’ लिहिलं, दोऱ्यांबद्दल एक अक्षर नाही. परवाना गेला, खोलीला सील लागलं आणि माझ्या नावापुढं ‘अपहार’ हा शब्द आला. जिल्ह्याला अपील केलं, फेटाळलं. पुण्याला केलेलं अजून चालू आहे, पुढल्या महिन्यात शेवटची तारीख. मी नसलो तर राणीनं वारस म्हणून उभं राहावं. दुकान नको, तो शब्द पुसून घ्यावा. पोती ज्याची त्याची, अशी तिथं साक्ष द्यायला तयार असलेला माणूस एकच, अकरातलं एक पोतं जिचं त्या म्हाताऱ्या मनुबाईचा मुलगा अर्जुना. तो तयार आहे, कारण पुढचं त्याला माहीत नाही.

५. सील लागल्यावर आमची कार्डं दोन कोसांवरच्या गावाला जोडली. मनुबाईचा झिजलेला अंगठा तिथलं मशीन घेईना. मार्चमध्ये ती माझ्याकडं आली. “आकाराम, माजं पोतं दे रं. माज्याच घरचं हाय न्हवं ते?” वकिलांनी बजावलं होतं, दोरे हाच पुरावा, सील तुटलं की खटला बुडाला. मी म्हणालो, “थोडी कळ काढ, आजी.” रंगुबाईनं पीठ नेऊन दिलं तर तिनं परत पाठवलं. “भीक नगं. माजं दे.” ती आणखी दोनदा आली. मी दार उघडलं नाही. वैशाखात त्या गावाला चौथ्यांदा निघाली, वाटेत बाभळीखाली बसली ती उठली नाही. अर्जुना तेव्हा मेंढरांपाशी होता. ऊन लागलं, एवढंच त्याला सांगितलं. सांगणारा मीच.

मी धान्य खाल्लं नाही. पण तिचं धान्य तिला दिलंही नाही, आणि ते नावासाठी. याची मला लाज वाटते.

६. सील निघेल तेव्हा काळ्या लोकरीच्या दुहेरी गाठीचं पोतं अर्जुनाला द्यावं. ते माझं नाही, म्हणून हे दान नव्हे. त्यामुळं तो या मृत्युपत्राला साक्षीदार राहू शकतो, असं वकील सांगतात. आतलं धान्य आता किडलं असणार.

हे सगळं अर्जुनाला आज वाचून दाखवलं. उद्या त्याची मेंढरं निघायची आहेत. त्यानं विचारलं, “आई मागाय आली व्हती?” मी होय म्हणालो. “किती बारी?” तीनदा, म्हणालो. शाईची डबी त्याच्यापुढंच होती. ती बाजूला सारून तो उठला आणि चपला घालून गेला.

पहिले साक्षीदार भाऊसो म्हणतात, त्याच्या जागी दुसरा कुणी घेऊ, नाहीतर कागदाला किंमत नाही. घेणार नाही. जागा मोकळी ठेवली आहे.

ठिकाण: खडकमाळ
दिनांक: १४ नोव्हेंबर २०२४

लिहून देणार: आकाराम सिदू काळेल (सही)

साक्षीदार १: भाऊसो वीरकर, निवृत्त शिक्षक (सही)

साक्षीदार २: अर्जुना बिरू झिमल, अंगठा: