सोळा फुटांवरची रेघ

वसतिगृह, खोली चौदा
१२ ऑगस्ट

ती. आत्यास भिंगरीचा सा. न. वि. वि.

तू शिवून पाठवलेल्या दोन्ही चड्ड्या पोहोचल्या. कंबर एवढी घट्ट धरली आहेस की धावताना श्वास सोडायचा की घ्यायचा ते ठरवावं लागतं. पण शिवण उसवायची नाही, हे नक्की.

कॉलेजच्या बास्केटबॉल संघात मला गार्ड म्हणून घेतलं आहे. म्हणजे चेंडू पुढे न्यायचा आणि बाकी चौघींना कामाला लावायचं. घरी मी तुम्हा दोघांना लावायचे, तसंच. सगळ्या माझ्याहून उंच. त्यांची कोपरं माझ्या कानाशी येतात.

आता खरी गोष्ट. तुला ठाऊकच आहे, कुणी धक्का मारला की रेघेवर उभं राहून दोन चेंडू निवांत टाकायला मिळतात, मध्ये कुणी येत नाही. आपल्या गल्लीतल्या हॉलमध्ये मी विसातले अठरा टाकायचे. इथे काल विसातले सहा पडले. सगळे लांब जातात, रिंगच्या मागच्या कडेवर आपटून परत येतात. कोचबाई म्हणाल्या, गार्डला धक्के बसणारच, तिलाच फ्री थ्रो येत नसतील तर तिला बाकावर बसवावं लागेल. महिनाअखेरपर्यंत मुदत आहे. मनगट बदलून पाहिलं, बूट बदलून पाहिले, काही उपयोग नाही. रडूही येतं अधूनमधून.

बाबांना यातलं काही सांगू नकोस. ते म्हणतील, पोरगी नीट जेवत नाही.

तुझा लोभ चड्डीच्या कंबरेइतकाच घट्ट राहू दे.

तुझी
भिंगरी

२१ ऑगस्ट

चि. भिंगरीस अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र वाचलं आणि चेंडू लांब जातात या शब्दांशी मला हॉलमधल्या रेघेचीच शंका आली. मशीन तशीच सोडली, हार्डवेअरच्या दुकानातून नवी टेप आणली आणि हॉलवर गेले. रखवालदाराला सांगितलं, पडद्याचं माप घेते आहे. खिडकी एकच आणि तीही वरची, त्यामुळे तो माझ्याकडे बघतच राहिला.

भिंगरे, आपल्या हॉलमधली रेघ सोळा फुटांवर आहे. मी रखवालदाराला विचारलं, तो म्हणाला ती पंधरावर हवी.

कसं झालं ते सांगते, मग काय बोलायचं ते बोल. तू सहा वर्षांची होतीस. तुझी आई जाऊन वर्ष झालं होतं आणि दादाला हॉल रंगवायचं काम मिळालं होतं. त्याच्या टेपचा पहिला फूट दारात सापडून तुटला होता. नवी घ्यायला गडी तयार नाही, मोजताना एक फूट वाढवून धरायचा की झालं, म्हणायचा. तो बोर्डाखाली ओळंबा सोडून टेपचं टोक धरून बसला, मी खडू घेऊन दुसऱ्या टोकाला. त्यानं ओरडून सांगितलं, सोळा. त्यात त्यानं तुटका फूट धरला होता. मला वाटलं, हा नेहमीसारखा विसरला. खेळातलं अंतर किती असतं ते मला काय ठाऊक! मी मनातल्या मनात एक वाढवला, सतराच्या खुणेवर खडू ओढला आणि दादाची चूक सावरली म्हणून घरी येईपर्यंत स्वतःवर खूश होते. त्यानंतर दर दोन वर्षांनी तो त्याच रेघेवरून ब्रश फिरवतो. पुन्हा मोजायची वेळच आली नाही.

दादाला मी सांगितलेलं नाही. सांगायला गेले आणि वाटाणे सोलून परत आले. आयुष्यात एक रेघ पुसावी लागली नाही, हे तो येणाऱ्याजाणाऱ्याला सांगतो. रस्ते, शाळा, दवाखान्यापुढची गाड्यांची जागा, सगळीकडे त्याच्याच रेघा. त्यातली ही एक, तुझ्यासाठी मारलेली, तीच चुकली म्हणून कळलं तर त्याला फार लागेल.

तू एक फूट मागे उभी राहून बघ. आणि या मूर्ख बाईवर रागावलीस तरी पत्र टाकत जा.

तुझी
आत्या

वसतिगृह, खोली चौदा
९ सप्टेंबर

ती. आत्यास सा. न. वि. वि.

सतरा! विसातले सतरा!

तुझं पत्र वाचून आधी हसले, मग रडले, मग धावत कोर्टावर गेले. एक फूट मागे सरकले आणि हाताला एकदम घरी आल्यासारखं वाटलं. कोचबाई म्हणाल्या, रेघ दिसत नाही का. मी म्हटलं, दिसते, पण मला इथून जमतं. त्यांनी नियमांचं पुस्तक काढलं. रेघेमागे अर्धवर्तुळ असतं, त्यात कुठेही उभं राहिलेलं चालतं. मग त्यांनी कपाळावर हात मारला आणि माझं नाव यादीत कायम केलं. मुली चिडवतात, हिला रेघेची भीती वाटते. चिडवू देत.

उलट एक फायदा झाला आहे. इथल्या मुलींना लांबून टाकताना जोर लावावा लागतो, मला तो लहानपणापासून लागलेलाच आहे. तेव्हा स्वतःला मूर्ख म्हणवून घेणं पुरे.

बाबांना मात्र कळायला नको. त्यांना एवढंच सांग की पोरगी जेवते.

लोभ आहेच, आणखी कुठे ठेवायला जागा असेल तर वाढव.

भिंगरी

ऑलिंपिकचं सराव शिबिर
२ जुलै

ती. आत्यास सा. न. वि. वि.

चार वर्षं झाली, तरी अजून काही चिंता वाटली की तुलाच पत्र. देशाच्या संघात बारा जणी आहोत, त्यात सगळ्यात बुटकी मी. बातमी वाचून बाबांनी दुकानदारांना पेढे वाटल्यासारखं माझं नाव वाटलं, हे तू लिहिलंस. मी दोन दिवस तेच आठवून हसत होते.

पण तू हेही लिहिलंस की सगळी गल्ली आपल्या हॉलमध्ये टीव्ही लावून सामने बघणार आहे. तेव्हापासून माझी झोप उडाली आहे. कॉलेजचा एकही सामना बाबांनी पाहिला नाही, कामं होती. आता बघतील. मी फूटभर मागे उभी राहीन, आणि तिथे टीव्हीसमोरच जमिनीवर त्यांची रेघ असेल. बोटभर वाकडी खिडकी त्यांना रस्त्याच्या पलीकडून कळते. हे कळणार नाही?

म्हणून पंधरा दिवस रेघेवरूनच टाकायचा सराव करते आहे. विसातले बारा पडतात. इथल्या कोचबाई विचारतात, हे काय नवीन खूळ. त्यांना काय सांगू? ऑलिंपिकपुरतं रेघेवर उभं राहावं असं मनात आहे. तुला काय वाटतं ते लवकर लिही.

तुझी
भिंगरी

८ जुलै

चि. भिंगरीस आशीर्वाद, आणि पाठीत एक धपाटा.

तुझ्यामागे अकरा पोरी आहेत, त्यांनीही तितकाच घाम गाळला आहे. त्यांचे गुण तू माझ्या भावाच्या रेघेपायी घालवणार? चूक माझी, ती निस्तरायची मी. जिथून चेंडू आत पडतो तिथेच उभी राहा. दादाला मी आधीच सांगून ठेवते.

काल सांगायला गेले होते. पुन्हा वाटाणेच सोलले. पण सांगेन.

नीट खा, नीट झोप आणि माझ्यावर माया असेल तर मागे सर.

आत्या

३० जुलै

चि. भिंगरीस अनेक अनेक आशीर्वाद.

आधी कबूल करते, मी सांगितलं नव्हतं.

हॉलमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती. शेवटचे चार सेकंद, आपण एका गुणानं मागे, आणि त्या धिप्पाड बाईनं तुला आडवं केलं. मी शिव्या दिल्या, त्या लिहीत नाही. तू उठलीस, रेघेवर आलीस, खाली पाहिलंस. मग मागे सरकलीस. मी डोळे मिटले. दोन्ही पडले हे मला ओरड्यावरून कळलं.

डोळे उघडले तर सगळे नाचताहेत आणि दादा एकटा खुर्चीवर. त्यानं टीव्हीकडे पाहिलं, जमिनीवरच्या रेघेकडे पाहिलं, आणि उठून घरी गेला. मला वाटलं, संपलं. परत आला तो आपली जुनी तुटकी टेप घेऊन. टोक माझ्या हातात दिलं. भर गर्दीत आम्ही दोघांनी मोजलं. तुटका फूट वजा करून सोळा भरले. मग मी सगळं सांगितलं, खडूसकट. दुसऱ्या दिवशी रंगाचे डबे घेऊन हॉलवर गेला आणि आतून कडी लावली. आज मला म्हणाला, पाकिटात जागा ठेव.

पुढच्या फेरीत हरलात त्याचं कुणाला काही नाही. लवकर ये.

आत्या

चि. भिंगरीस बाबाचे आशीर्वाद.

पत्र लिहायची सवय नाही, चुकलं तर तुझी आत्या एक वाढवून घेईल.

त्या दिवशी तू मागे सरकलीस तेव्हा मला आधी वाटलं, पोरीला चक्कर आली. मग ओळखीचं वाटलं. रोज संध्याकाळी तुला मी त्याच जागी उभी पाहिली आहे. चार वर्षं तू माझी चूक पायाखाली झाकून खेळलीस. मला सांगितलं असतंस तरी चाललं असतं, पण बरं वाटलं.

हॉलमध्ये पंधरावर पांढरी रेघ मारली आहे, ती नियमाची. जुनी पुसायला थिनर आणि फडकं घेऊन तासभर बसलो. हात चालेना. आजवर एक रेघ पुसली नाही, आता कशाला. तिच्यावर पिवळा हात दिला आहे. ती तुझी.

नवी टेप घेतली. टोक आत्यानेच धरलं, पण आकडा तिच्याकडून तीनदा वदवून घेतला. पिवळी रेघ सोळा फुटांवर आहे, एक सूतही इकडेतिकडे नाही.

येशील तेव्हा माझ्यासमोर वीस टाक. मी मोजतो.

तुझा
बाबा